कोकणातला वेळ वाकवणारा आर्किटेक्ट कसा उभा करायचा (गोष्टीत हो, खरा नाही)

मी देवगड तालुक्यात घरांचे प्लॅन काढतो. आर्किटेक्ट नाही, ड्राफ्ट्समन. दिवसभर ऑटोकॅडवर लोकांच्या संडास-बाथरूमच्या भिंती इकडच्या तिकडे सरकवायच्या आणि रात्री गोष्टी लिहायच्या, असं बरीच वर्षं चाललंय. त्यातली एक गोष्ट अशा आर्किटेक्टची आहे की ज्याने बांधलेल्या घरात वेळ सरळ जातच नाही. ती चार वेळा लिहिली, तीन वेळा फाडली, आणि फाडताना जे कळलं ते सांगतोय, कारण हल्ली बऱ्याच पोरांना असलं काहीतरी लिहायचं असतं आणि सगळी त्याच खड्ड्यात पडतात ज्यात मी पडलो होतो.

माझा खड्डा असा. पहिल्या खेपेला माझा आर्किटेक्ट केस वाढवलेला, कमी बोलणारा, समुद्राकडे बघत राहणारा, आणि त्याने कड्यावर काचेचा पिळदार मनोरा बांधलेला, आत गेलं की शंभर वर्षं क्षणात जातात वगैरे. शेजारच्या आबांना हौसेने वाचून दाखवली. त्यांनी सगळं ऐकलं, तंबाखू थुंकून आले आणि म्हणाले, "ता सगळा बरा, पण त्या घरात खुडूक कोंबडी अंड्यार बसवली तर पिल्ला कितक्या दिसांनी येतली?"

मला उत्तर देता येईना. कोंबडीला एकवीस दिवस लागतात हे आबांना माहिती, मला माहिती, कोंबडीला पण माहिती, फक्त माझ्या थोर आर्किटेक्टला माहिती नव्हतं. त्या दिवसापासून मी मनोरा सोडला आणि कोंबडीपासून सुरुवात केली. तुम्ही पण तिथूनच करा.

आधी जागा. नुसतं "कोकणातल्या एका गावात" लिहून सुटू नका. सड्यावरचं घर वेगळं, खाडीकाठचं वेगळं, बागेतलं वेगळं, आणि प्रत्येक ठिकाणी वेळ वेगळ्या गोष्टीने मोजली जाते. सड्यावर जांभ्याचा उघडा कातळ, झाड नाही काही नाही, म्हणजे दिवसभर तुमची सावली हेच घड्याळ. रत्नागिरी-राजापूरकडच्या सड्यांवर तर कातळशिल्पं आहेत, हत्ती, मासे, माणसं खोदून ठेवलेली, २०२२ मध्ये ती युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेली, तेव्हा तिथे जोतं घालणाऱ्या आर्किटेक्टला शेजार कुणाचा मिळतोय ते तुम्हीच बघा. खाडीकाठी गेलात तर घड्याळ म्हणजे भरती. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा येते, आणि जुनी माणसं तिथीची पाऊणपट करून वेळ सांगतात, म्हणजे चतुर्थीला तीनच्या सुमाराला पूर्ण भरती, अष्टमीला सहाच्या, थोडंफार इकडे तिकडे. आता समजा एखाद्या घराचा दरवाजा भरतीवर उघडत असेल तर त्या घरातली माणसं रोज पन्नास मिनिटं मागे पडत पडत पंधरवड्याने परत जागेवर येणार. ह्यात जादू शून्य आहे, तरी वाचणारा चक्रावतो. मी खाडी निवडली नाही कारण मला डास सहन होत नाहीत, गोष्टीत सुद्धा. माझं घर वाघोटनच्या खाडीपलीकडे राजापूर तालुक्यात, सड्याच्या उतारावर.

मग बघा की आपल्याकडे वेळ आधीच किती वाकलेली आहे, ती फुकट मिळते. भारताची प्रमाणवेळ ८२.५ रेखांशाची, म्हणजे तिकडे मिर्झापूरजवळची, आणि आपण ७३ च्या थोडे पुढे. एका रेखांशाला चार मिनिटं धरली तर आपला सूर्य मनगटावरच्या घड्याळापेक्षा छत्तीस-सदतीस मिनिटं मागे आहे. त्यात वर्षभरात सूर्य स्वतः पण मागेपुढे होतो, नोव्हेंबरच्या सुरुवातीला डोक्यावर येतो बाराविसाला आणि फेब्रुवारीच्या मध्यावर बारापन्नासला. प्रमाणवेळ लागू झाली १९०६ च्या १ जानेवारीला, पण मुंबईने आपली जुनी वेळ, एकोणचाळीस मिनिटं मागची, १९५५ पर्यंत सोडली नाही. म्हणजे तुमची गोष्ट १९५० च्या आसपासची असेल तर मुंबईत चाकरी करणाऱ्या माणसाच्या डोक्यात दोन वेळा खरोखर चालू होत्या, त्याला वेगळं यंत्र लावायची गरजच नाही. मेच्या पहिल्या आठवड्यात आमच्याकडे एक दिवस सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि खांबाची सावली गायब होते. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात पुन्हा होते पण ती कोण बघणार, तेव्हा पाऊस. गोष्टीत मला हा दुसरा दिवसच जास्त आवडतो. झाला पण कुणी पाहिला नाही.

आता घर. काचेचे मनोरे विसरा, आपल्याकडे घर म्हणजे खळं, पडवी, ओटी, माजघर, देवघर, सैपाकघर, मागचं दार, वर माळा. जांभा घ्या, कारण हा दगड खाणीत असताना मऊ आणि काढल्यावर वाऱ्या-उन्हात कडक होत जातो, म्हणजे वेळ खाऊन घट्ट होणारा दगड तुम्हाला आयता मिळालाय. फक्त सालं सांभाळा. मंगलोरी कौलांचा पहिला कारखाना मंगळुरात १८६५ ला निघाला, तेव्हा त्याच्या आधीच्या घराला ती लावू नका, नळीची लावा नाहीतर गवताने शाकारा. एका ओळखीच्याने पेशवाईतल्या घरावर मंगलोरी कौलं चढवली होती, मी तिथेच वाचायचं थांबलो, वेळ वाकवायची परवानगी आहे, पण ती कथानकात, चुकून नाही.

सगळ्यात कामाची वस्तू म्हणजे काचेचं कौल. माझी आजी घड्याळ बघायची नाही. कौलातून पडलेला कवडसा सारवलेल्या जमिनीवरून सरकत उंबऱ्याला लागला की भात वर ठेवायची. हिशोब मी नंतर केला. कौल जमिनीपासून चार मीटर वर असेल तर दुपारच्या सुमाराला कवडसा मिनिटाला पावणेदोन सेंटिमीटर सरकतो, म्हणजे डोळ्याला दिसतो, टक लावून बसलं तर. तुम्हाला अजिबात जादू नको असेल तर आर्किटेक्टला माळ्यावर एक आरसा बसवू द्या, पृथ्वीच्या आसाला समांतर आसावर अठ्ठेचाळीस तासात एक फेरा घेणारा. दुर्बिणीवाले सूर्याचा उजेड एका जागी धरून ठेवायला असलाच आरसा वापरतात. कवडसा जमिनीवर हलायचाच बंद होतो, आणि आजीचा भात काही वर चढत नाही. पावसाळ्यात चार महिने कवडसा रजेवर, तेव्हासाठी घटिकापात्र आहे, भोक असलेली वाटी पाण्यावर तरंगत ठेवायची, चोवीस मिनिटांनी बुडते, एक घटिका झाली. आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त असाच साधायचे.

वास्तू वेळ पकडते ह्याची उदाहरणं पाहिजेत तर घाट चढून कोल्हापूरला जा, महालक्ष्मीच्या देवळात नोव्हेंबरात आणि जानेवारी-फेब्रुवारीच्या सांध्यावर मावळतीचे किरण मूर्तीपर्यंत पोचतात, किरणोत्सव. जयपूरचं सम्राट यंत्र सत्तावीस मीटर उंच आहे, त्याच्यावर सावली सरकताना दिसते आणि दोन सेकंदांपर्यंत वेळ लागते. आणि रत्नागिरीतला थिबा राजवाडा. ब्रह्मदेशचं राज्य गेलं १८८५ ला, राजवाडा तयार झाला १९१० ला, राजा गेला १९१६ ला, तिथेच. त्या राजवाड्यात गेल्यावर मला नेहमी वाटतं की इमारतीला वेळ वाकवायला यंत्र लागत नाही, आत वाट बघणारा माणूस असला की झालं.

हौशी लोकांसाठी फिजिक्स पण सांगतो, एकदाच. वेळ खरंच वाकते, उंचावरचं घड्याळ खालच्यापेक्षा किंचित पुढे पळतं, आणि हार्वर्डमध्ये १९५९-६० ला बावीस-साडेबावीस मीटरच्या टॉवरमध्येच त्याचा पुरावा मिळाला, म्हणजे एका साध्या बिल्डिंगमध्ये. आपल्या घराचा माळा तीन मीटर वर धरा. माळ्यावर झोपणारा भाऊ शंभर वर्षांत खालच्या भावापेक्षा एका सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाएवढा जास्त म्हातारा होणार. एवढ्यावरून वाटणीची केस होणार नाही असं वाटतं, पण आमच्याकडे सांगता येत नाही.

एवढं सगळं खरं मांडून झालं की मग एकच खोटं घाला. एकच. शंभर चिरे खरे बसवले की भिंत एक खोटा चिरा धरून ठेवते, दोन खोटे झाले की वाचक हाताने चाचपायला लागतो. आणि त्या एका खोट्याला कारण घरगुती पाहिजे, विश्वाचं रहस्य वगैरे नको. माझं तिसऱ्या खेपेला सापडलं. माझा आर्किटेक्ट, त्याला गावात सगळे नाना म्हणतात, मुंबईत प्रॅक्टिस करतो, आणि त्याची आई गावात एकटी. गणपतीला महिनाभर घर भरलेलं, मग गाड्या सुटतात, आणि अकरा महिने ती एकटी. नानाला तिचे ते अकरा महिने कमी करायचे असतात, बस. म्हणून तो माजघर असं बांधतो की बाहेर अकरा महिने जातात तेव्हा आत आठवडा जातो. ह्या कोकणात घराघरात हेच चालू आहे, फक्त उलटं, चाकरमान्यांसाठी घर म्हणजे वर्षातला फार तर महिना आणि आत राहणारीसाठी पूर्ण वर्ष. नाना ते सुलटं करायला जातो.

आता कागद घ्या आणि गुणाकार करा, हा भाग कुणी करत नाही आणि इथेच गोष्ट लपलेली असते. अकरा महिने म्हणजे तीनशे पस्तीस दिवस, भागिले सात, अठ्ठेचाळीस. बाहेरचा एक दिवस म्हणजे आतला अर्धा तास. लगेच प्रश्न सुरू. माजघरात काचेचं कौल ठेवलं तर आतून कवडसा मुंगीच्या चालीने पळताना दिसणार, पंधरा मिनिटं उजेड पंधरा मिनिटं अंधार, बाईला झोप कशी लागायची? म्हणून नानाने माजघराला खिडकी ठेवली नाही, कौल ठेवलं नाही, आणि बघा, आपली माजघरं मुळात काळोखीच असतात, म्हणजे एका हिशोबातून खरी वस्तू हाताला लागली. शेजारच्या काकू दार ढकलून फटीतून बघतात, आई हातात पळी घेऊन उभी, हलत नाही, हाक मारली तर बोलत नाही. दुसऱ्या दिवशी बघतात तर आई पाटावर बसलीय, पुन्हा हलत नाही. गाव काय म्हणेल? देवाला गाऱ्हाणं घालणार, भगत आणणार. सायन्स कुणालाही आठवणार नाही. नोव्हेंबरात पेन्शनसाठी हयातीचा दाखला द्यायचा असतो, आख्खा नोव्हेंबर आत पंधरा तासांचा, त्यातले निम्मे झोपेत गेले. पेन्शन बंद. बाई जिवंत आहे, नेहमीपेक्षा जास्तच जिवंत आहे, पण कागदावर नाही.

आणि शिमगा. हा प्रसंग मी सगळ्यात जास्त वेळा लिहिला. देवाची पालखी दारात येते, ढोल-ताशे, पोरं, पालखी दहा मिनिटं थांबते. आत ती दहा मिनिटं म्हणजे साडेबारा सेकंद. आईला किरकीर असा काहीतरी आवाज येतो, ढोल असा ऐकूच येत नाही, तरी तिला कळतं, कारण साठ वर्षं ऐकलंय, ती उठते, नारळ घेते, तांदूळ घेते, पदर सारखा करते, दार उघडते. तिच्या हिशोबाने फक्त दोन मिनिटं लागली. बाहेर दीड तासाच्या वर झाला, खळ्यात गुलाल पडलाय आणि पालखी तीन वाड्या पुढे गेलीय. इथे लिहिताना एक सूचना, तिला रडवू नका. मी तिसऱ्या ड्राफ्टमध्ये रडवली होती, सगळं पाणचट झालं. आता ती नारळ तसाच उंबऱ्यावर ठेवते आणि आत जाते. आत जायचं की नाही ह्याच्यावर तिने दोन पावलं विचार केला की बाहेर संध्याकाळ थोडी पुढे सरकते, एवढंच.

वयाचा हिशोब पण मांडाच. आईला वर्षाचे दिवस किती, गणपतीचा महिना आणि आतला आठवडा, मिळून सदतीस. तीस वर्षांत अकराशे दहा दिवस, म्हणजे तीन वर्षं. घर बांधलं तेव्हा नाना पस्तीसचा आणि आई अठ्ठावन्न धरली, तर तीस वर्षांनी आई एकसष्टची आणि नाना पासष्टचा. मुलगा आईपेक्षा चार वर्षांनी मोठा. हे मी आधी ठरवलं नव्हतं, कॅल्क्युलेटरने सांगितलं. गणपतीला तो गाडीतून उतरतो आणि जोत्याच्या पायऱ्या चढताना ती त्याचा हात धरते, आणि शेजारपाजारचे लांबून बघत राहतात.

लोकांच्या डोक्यात काय येईल त्याचाही अंदाज पाहिजे, कारण गावात चमत्काराला कुणी हात जोडत बसत नाही, आधी विचारतात ह्याचा आंब्याला उपयोग काय. माझ्या गोष्टीत नानाचा चुलतभाऊ येतो आणि म्हणतो, ह्याच्या उलटी खोली बांधून दे, बाहेर एक दिवस आणि आत दहा, म्हणजे अढी घातली की दुसऱ्या दिवशी पेटी तयार, वाशी मार्केटला सगळ्यांच्या आधी. नाना त्याला समजावतो की आंबा झाडावर तयार व्हायला लागतो, अढीत फक्त पिकतो, मग झाडच खोलीत लावायला लागेल. चुलतभाऊ म्हणतो, मग चौक मोठा ठेव. ह्या एका संवादाने माझी गोष्ट जमिनीवर आली. घर सामायिक असेल तर अजून मजा, सातबाऱ्यावर सतरा नावं आणि सगळ्यांना माजघर पाहिजे, कुणाला म्हातारपण लांबवायला, कुणाला पोराची दहावी उरकायला, कुणाला कर्जाचे हप्ते आत बसून चुकवायला (चुकत नाहीत, बँकेचं व्याज बाहेरच्या वेळेने लागतं, हे पण एकाला अनुभवाने कळू द्या).

घड्याळ शक्यतो दाखवू नका. भिंतीवरचे काटे उलटे फिरले वगैरे सगळ्यांनी केलंय. त्यापेक्षा घरातल्या ज्या वस्तूंना स्वतःची वेळ असते त्यांची यादी करा आणि प्रत्येकीला विचारा की तुझं काय झालं. आंबोळीचं पीठ रात्रीत फुगतं. माजघरात ठेवलं तर बाहेरच्या हिशोबाने दोन-अडीच आठवडे फुगणारच नाही, आणि फटीतून बघणाऱ्या काकू म्हणणार तांदूळ जुना होता. बरणीतलं लोणचं मुरत नाही. उन्हात घातलेली कोकमं बाहेर असतात म्हणून सुकून काळी होऊन जातात, ती काढायला कुणी येत नाही. माजघरात देवासमोर लावलेला दिवा बाहेरून बघितला तर महिनाभर एकाच तेलावर जळतो, ह्याला गाव नक्की नमस्कार करणार. भाषेचं पण तसंच, काळाचा प्रवाह, अनंत, मिती असले शब्द नानाच्या तोंडी घालू नका, तो प्लॅन काढणारा माणूस आहे, तो म्हणेल ह्या खोलीला उतार जास्त झाला. मी वेळेला पाण्यासारखा धरतो, कौलांवरून उतरलं की पागोळी कुठेतरी पडणारच, तेव्हा माजघरातून काढलेली वेळ कुठे पडते ते दाखवायला लागतं. काकू फटीतून बघून आल्या की हेच विचारतात, "ह्या घरातलो वेळ जाता खंय?"

शेवटचं काम म्हणजे प्लॅन. खरंच काढा, चौकटीच्या वहीत हाताने काढला तरी चालेल. प्रत्येक खोलीत आकडा लिहा, बाहेरच्या एका दिवसाला आत किती. ओटी चोवीस तास, पडवी चोवीस तास, सैपाकघर चोवीस, माजघर अर्धा. मग प्रत्येक पात्र पेन्सिलने त्या प्लॅनवर चालवा, दारातून मागच्या दारापर्यंत, आणि कुठे अडकतंय बघा. माझ्या प्लॅनवर चालवताना कळलं की सैपाकघरात जायची वाट माजघरातूनच आहे, जशी आपल्या घरांत असते, म्हणजे गणपतीत एखादी सून चहा आणायला आत गेली, जाता-येता माजघरात पाच मिनिटं रेंगाळली आणि खोली चालू राहिली असेल तर चहा चार तासांनी येणार. मग मी नानाला एक खटका बसवायला लावला, उंबऱ्याखाली, तो गणपतीच्या महिन्यात बंद ठेवायचा. कोण विसरतं ते तुम्ही ठरवा.

माझं अजून एक अडलंय. खळ्यात तुळस आहे, ती बाहेर आहे, म्हणजे तिला वर्षाचे तीनशे पासष्ट दिवस पाणी पाहिजे, आणि आई आत. चौथ्या ड्राफ्टमध्ये सध्या शेजारच्या काकू घालतायत, रोज सकाळी, दाराच्या फटीतून एकदा आत बघून. पहिल्या पानावर त्या चाळिशीच्या होत्या. काल लिहिताना लक्षात आलं की आता त्यांना कळशी उचलवत नाही.